कपाटातली काळी पँट

सिगवार्डची काळी पँट तळघरातल्या धुलाईखोलीत फरशीवर पडली होती, ओलीगच्च. ती तिथं काढून टाकणारी शेजारीण गुनेल कपडे सुकवायच्या गरम हवेच्या कपाटात खुशाल स्वतःचे पडदे लटकवत होती.

"अहो, ही माझी पँट आहे!" सिगवार्ड कडाडला.

"आणि ही माझी वेळ आहे. फळ्यावर कुलूप लावलंय, बघा की."

वेळा राखून ठेवायच्या फळ्यावर ज्या वेळेला ज्याचं कुलूप, त्या वेळेला त्याची धुलाईखोली. हे गोथेनबर्गमध्ये शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. पण मशीनची वेळ संपली तरी कपाट आणखी अर्धा तास आधीच्या माणसाचं, हा या इमारतीचा रिवाज होता आणि तो गुनेलच्या पडद्यांपेक्षा जुना होता. सिगवार्डच्या अंगाचा तिळपापड झाला. एकच काळी पँट होती आणि दुपारी त्याला एका नाटकासाठी नटांच्या निवडचाचणीला जायचं होतं. पोरांनी घराबाहेर काढलेल्या बापाची भूमिका होती. सारी हयात त्यानं वेटर, पोस्टमन आणि घसरून पडणारे पाद्री केले होते. एका सिनेमात साफसफाईवाला होऊन त्यानं बादलीत पाय अडकवला, तेव्हापासून लोक ट्राममध्येसुद्धा आधी त्याच्या पायांकडे बघत. या माणसाला कधी रडताही येतं, हे कुणाच्या डोक्यातच येत नव्हतं.

"हा अन्याय आहे! निर्लज्जपणा आहे!" तो गरजला.

गुनेल खुदकन हसली. "थांबा, थांबा, आमच्या ह्यांना बोलावते. अहो बेंग्ट, खाली या लवकर, सिगवार्ड करून दाखवतायत!"

"मी काही करून दाखवत नाहीये! मी चिडलोय!"

"अगदी तस्सं!" जिन्यातून उतरणारा बेंग्ट पोट धरून म्हणाला.

सिगवार्ड संतापानं एक पाऊल मागं सरला आणि त्याचा पाय नेमका बादलीत गेला. बेंग्टनं टाळ्या पिटल्या. गुनेल तर पडद्यांत तोंड खुपसून हसत होती.

शेवटी तो ओली पँट चढवूनच गेला. दिग्दर्शिका यिल्वा तरुण होती आणि हसण्याचं तिला वावडंच असावं. "संवाद राहू द्या," ती म्हणाली. "तुमचं हक्काचं काहीतरी कुणी हिरावून घेतलंय. तुमच्या शब्दांत सांगा."

सिगवार्डला आठवायची गरजच नव्हती. गारठा मांड्यांपर्यंत चढला होता.

"माझं होतं ते," त्याचा आवाज फाटला. "माझा हक्क होता. आणि तिनं ते उचललं आणि गार फरशीवर फेकलं. मी ओरडलो, तर हसले हो सगळे. हसले!"

यिल्वानं डोळे पुसले. ती कोण, असं तिनं विचारलं नाही आणि सिगवार्डनं सांगितलं नाही. भूमिका त्याला मिळाली.

नाटक गाजलं. गुनेल आणि बेंग्ट पहिल्याच आठवड्यात बघून आले आणि परतताना ट्राममध्ये एकमेकांशी बोलले नाहीत म्हणे. पुढच्या वेळी सिगवार्ड कपडे घेऊन खाली गेला, तर त्याच्या आधी वेळ असलेल्या गुनेलनं कपाट केव्हाच रिकामं करून ठेवलं होतं.

"माझा अर्धा तासही तुम्हीच घ्या," ती हळूच म्हणाली. बेंग्टनं तर टोपी काढली.

"तुम्ही माझी पँट फेकली होती!" सिगवार्डनं जुनाच आवाज लावला.

"चुकलंच हो आमचं," गुनेलचे डोळे भरून आले.

सिगवार्ड चपापला. यांना झालंय तरी काय? त्यानं हात नाचवले, डोळे वटारले. दोघं खाली मान घालून उभे. अखेर त्यानं कोपऱ्यातली बादली हेरली, दोन पावलं मागं सरला आणि धाडकन पाय आत घातला.

"अगं बाई!" गुनेल धावली. "लागलं तर नाही ना? बेंग्ट, धरा त्यांना, वय झालंय."

बेंग्टनं अलगद पाय सोडवून दिला. सिगवार्डचा चेहरा लालबुंद झाला. इतका अपमान त्याचा उभ्या जन्मात झाला नव्हता.