काश्यप गोत्राची मिचिको

जपानची गायिका मिचिको काश्यप गोत्राची आहे, हे खुद्द तिला माहीत नसावं. दारव्ह्यातल्या आमच्या गल्लीत मात्र सगळ्यांना माहीत आहे. ही वामनकाकांची कृपा.

काका माझे समोरचे शेजारी, कापसाच्या जिनिंगमधून रिटायर झालेले. मोबाइलवर सोयाबीनचे भाव पाहता पाहता पुढे आपोआप मिचिको लागली आणि काकांनी भावाचा नाद सोडला. तेव्हापासून आमच्या गल्लीला जाग येते ती जपानीत. तिचं चरित्र ते मोबाइलवर मराठी करून वाचतात आणि ओट्यावर बसून असं सांगतात, जणू पोरगी यवतमाळला कॉलेजात आहे. बाप मासे विकायचा. पहिल्या स्पर्धेत पोरगी हरली, हॉटेलात भांडी घासली, मग एका गाण्यानं नशीब उघडलं. "पोट्टी हिमतीची हाय," हे मध्ये मध्ये असतंच. पुढे लग्न झालं, मोडलं. इथे काका जावयाला शिव्या घालतात. आम्हीही घालतो. शेजारधर्म आहे.

मागच्या वर्षी तिच्या गळ्याचं ऑपरेशन झालं. आवाज परत येईल की नाही, डॉक्टरही सांगेनात. काकांचं ओट्यावर येणं बंद झालं. शेवटी त्यांनी मारुतीला रोडग्यांच्या जेवणाचा नवस बोलला. पुजाऱ्यानं रीतीप्रमाणे नाव-गोत्र विचारलं.

"मिचिको. गोत्र मालूम नाई."

ज्याचं गोत्र माहीत नाही त्याचं काश्यप, हा आपला जुना नियम. पुजारी जराही अडखळला नाही.

आणि बाई परत गायली. गेल्या रविवारी काकांनी गोवऱ्या पेटवून रोडगे भाजले, वांग्याची भाजी केली, अख्खी गल्ली जेवायला बसवली. स्पीकरवर बाईचं नवं गाणं. वरणात रोडगा चुरता चुरता मी विचारलं, एक शब्द कळत नाही, मग एवढा जीव कशाला लावता?

काका तुपाची वाटी घेऊन थांबले.

"आपले गाणे मले आयकवत नाई रे. कोनतंही लावलं का मधातच तुही काकू म्हनाले लागते. हे जपानी तिले येत नव्हतं."

काकूंना जाऊन आता तीन वर्षं झाली. पोळ्या लाटताना त्या रेडिओच्या पुढे पुढे गायच्या, निम्मे शब्द पदरचे घालून.

काका तूप वाढत पुढे सरकले. गाणं दुसऱ्या कडव्यावर आलं आणि ते वाकल्या वाकल्या गुणगुणायला लागले, बाईच्या जरा पुढेच, निम्मे शब्द पदरचे घालून.

त्यांच्या ते लक्षात आलं नव्हतं. मी नुसती वाटी पुढे करून आणखी तूप मागितलं.