मुलगा लाईनवर असतो

ज्या शब्दाला एकच अर्थ असतो तो कोशात पडून राहतो. ज्याला अनेक असतात तोच संसार करतो. 'लाईन' हा असा संसारी शब्द. जाणकार सांगतात, इंग्रजांकडे तो लॅटिनमधून आला आणि तिथे तो जवसाच्या झाडापासून काढलेल्या दोऱ्याला म्हणत. म्हणजे आपण ज्याची चटणी करून भाकरीशी खाल्ली, त्यालाच पीळ देऊन साहेबाने आगगाडी चालवली. (दृष्टिकोनाचा फरक, दुसरं काय!)

नाशिक जिल्ह्यात हा शब्द आला तो घरोघरी राहिलाच. रेशनला लागते ती लाईन, फोनला लागत नाही तीही लाईन. पोलीस राहतात ती लाईन. तारेतून येते ती लाईन, आणि ती गेली की सबंध गल्ली ओरडते. कॉलेजच्या फाटकाशी मारतात ती वेगळी. ती मारणाऱ्याला पुढे लोक मारतात. एका पाहणीनुसार (पाहणी पारावर बसून केली) शंभरातल्या नव्वदांना हे सगळे अर्थ ठाऊक असतात. उरलेले दहा मनमाडला राहतात. मनमाडला लाईन म्हणजे रेल्वे, तिथे विषय संपला. (दुसरी फलाटावर मारतात, पण तिचं नाव घरात काढत नाहीत.)

खंडेराव मनमाडचे. रूळ बदलून गाडी योग्य वाटेला लावणं, ही त्यांची जन्माची नोकरी, आता निवृत्त. मुलगी मीना आलेलं प्रत्येक स्थळ नाकारत होती. किशोरचा फोटो मात्र तिने परत दिला नाही. मध्यस्थ म्हणाला, "मुलगा लाईनवर असतो." खंडेरावांनी पुढे काही विचारलं नाही. किशोर विजेच्या खांबावर चढणारा लाईनमन आहे, हे तो राहत असलेल्या नाशिकच्या इंदिरानगरातलं शेंबडं पोरही सांगू शकलं असतं. पण स्थळाची चौकशी शेंबड्या पोराकडे करायची नाही, असा रिवाज आहे.

सत्त्याण्णव सालच्या लग्नसराईत खंडेराव इंदिरानगरात आले. नोकरीची खात्री होतीच, प्रश्न चारित्र्याचा होता. किशोरच्या शेजारणी वत्सलाबाई दारात तांदूळ निवडत होत्या.

"किशोर ना? सोन्यासारखा मुलगा हो! आमच्या सूनबाईची लाईन दोनदा तुटली, दोन्ही वेळा त्यानेच जोडून दिली."

सूनबाईची लाईन? रेल्वे तर घरात येत नाही. राहिला तो दुसरा अर्थ. तो खंडेरावांनी मनमाडच्या फलाटावर मीनाकडे बघणाऱ्या पोरांना छत्रीने समजावला होता.

"तुमच्या मुलाला चालतं हे?"

"तो अंबडच्या कारखान्यात रात्रपाळीला. त्याला कुठला वेळ? किशोर येतो, अंधारात चाचपडत काम उरकतो. चहासुद्धा घेत नाही बिचारा."

खंडेराव समोरच्या खलील टेलरच्या दुकानात गेले.

"चाचा, किशोरभाईची काय चौकशी करता!" खलीलने तोंडातला दोरा काढला. "या गल्लीत एक घर दाखवा, जिथली लाईन त्याने जोडली नाय. आमच्या तबस्सुमची तर ऐन निकाहच्या दिवशी जोडली. मंडपात टाळ्या पडल्या!"

"आणि... नवरा मुलगा?"

"त्याने खाली शिडी धरली ना!"

खंडेराव फोनच्या बूथकडे धावले. बूथवर लाईन होती. ती संपली तर लाईन लागेना. लागली तर नुसती खरखर. मनमाडला शेजाऱ्यांच्या फोनवर खंडेरावांच्या मंडळी, झुंबरबाई, आल्या. पाठीमागे लोक कान देऊन उभे. म्हणून खंडेरावांनी त्यातल्या त्यात सभ्य शब्द निवडला.

"अगं, पोरगा लाईनवाला आहे! पक्का लाईनवाला!"

"मग झालं तर! अजून काय बघायचं राहिलं?"

"अगं, तसं नाही, लाईन म्हणजे..."

लाईन कट झाली.

'लाईन म्हणजे' याच्यापुढे मनमाडात कुणाला काही सांगावं लागत नाही. संध्याकाळी खंडेराव घरी पोचले तेव्हा मुलाकडे होकार गेला होता, साखर वाटून झाली होती आणि मीना शेजारणींना तो फोटो दाखवत होती. खंडेरावांनी बोलायला तोंड उघडलं. झुंबरबाईंनी त्यात साखर घातली. खंडेरावांनी एकवार मीनाकडे पाहिलं आणि साखर गिळली. जन्मभर रूळ बदलणाऱ्या माणसाला घरातली गाडी काही वळवता आली नाही.

लग्न मनमाडला, गोरज मुहूर्तावर. मंगलाष्टकं रंगात आली आणि मंडप काळाकुट्ट झाला.

"लाईन गेली! लाईन गेली!" वऱ्हाड ओरडलं.

खंडेरावांनी आधी करवल्या मोजल्या. सगळ्या जागेवर होत्या. नवरदेव तेवढा नव्हता. तो मुंडावळ्या कानामागे सारून बाहेर खांबापाशी उभा होता.

"मामा," किशोर म्हणाला, "जरा शिडी धरता का?"

खंडेरावांनी शिडी धरली. वर ठिणगी उडाली, मंडप उजळला, आणि त्याबरोबर वत्सलाबाईंच्या सूनबाई, तबस्सुम आणि सबंध इंदिरानगर क्षणात निष्कलंक झालं. टाळ्या पडल्या. पुढे कुणीही विचारलं की खंडेराव सांगत, "मी पहिल्या भेटीतच पोराला ओळखलं होतं."

हसणाऱ्यांनी जरूर हसावं. मग जमल्यास आपल्या लग्नाआधी गल्लीत आपल्याबद्दल काय सांगितलं गेलं आणि सासरच्यांनी काय ऐकलं, याची एकदा चौकशी करावी. होकार आपल्याला मिळाला होता की एखाद्या शब्दाला, ते कळेल.

फोनवर मात्र विचारू नये.