बिराजदार गुरुजींचा रोमानी क्लास

लातूरच्या ज्या गल्लीत फिजिक्स-केमिस्ट्रीच्या जाहिरातींनी भिंतीचा वीतभर तुकडाही मोकळा सोडलेला नाही, तिथंच एका जिन्यापाशी खडूनं लिहिलेली पाटी होती : ‘रोमानी भाषा. फी नाही. एका वेळी एकच विद्यार्थी घेतला जाईल.’

मी समोरच्याच क्लासमध्ये गणित शिकवायचो. आमच्या मालकांनी पाटी वाचली आणि त्यांची झोप उडाली. “सर, हा पेपर कुठल्या एन्ट्रन्सला आलाय? आपण झोपून राहिलो की! जा, वर जाऊन बघून या.” असा मी हेर म्हणून जिना चढलो आणि तीन वर्षं चढतच राहिलो.

वर एक खोली, एक फळा, एक खुर्ची आणि भर मे महिन्यात लोकरीची टोपी घातलेले बिराजदार गुरुजी. मी कोण, कशाला आलो, काही विचारलं नाही. म्हणाले, “बस. लिहून घे. परीक्षेत येणार न्हाई.”

हे शेवटचं वाक्य त्या गल्लीत उच्चारणारा दुसरा शिक्षक मला आजवर भेटलेला नाही.

हजारेक वर्षांपूर्वी आपल्याकडून काही माणसं निघाली आणि चालत चालत पार युरोपात पोचली. रोमानी ही त्यांची भाषा. त्यांना लोकांनी शंभर नावं ठेवली. फ्रान्सकडची त्यांची एक शाखा स्वतःला नुसतं ‘मानुश’ म्हणते. “म्हणजे काय, सांग,” गुरुजींनी पहिल्याच दिवशी विचारलं. मी म्हणालो, “माणूस.” “पास झालास!” म्हणाले आणि चहा ठेवला. बोर्डाच्या परीक्षेनंतर मी कशात पास झाल्याची ही पहिलीच वेळ.

गुरुजींचा लाडका सिद्धान्त एकच होता. “अरे गणितवाल्या, निघताना माणूस काय नेतो? नाक, कान, दात, जीभ. हे शब्द त्यांनी घरून नेले. मीठ त्यांचं ‘लोन’, पाणी त्यांचं ‘पानी’. पण रस्त्याचा शब्द? तो ग्रीकांकडून घेतला. रस्ता रस्त्यातच भेटणार की!” आकडेही तसेच. सहापर्यंत आपले, सात-आठ-नऊ ग्रीक आणि दहा पुन्हा घरचे. गुरुजी जिना चढतानाही असंच मोजायचे आणि सातव्या पायरीवर जरा थबकायचे. परमुलुख आला ना!

मलाही ते व्यसन लागलं. एकदा वर्गात समीकरण सोडवताना माझ्या तोंडून सातऐवजी ‘एफ्ता’ निघून गेलं. पोरांनी मान खाली घालून लिहून घेतलं. पुढच्या चाचणीत तिघांचं उत्तर ‘एफ्ता’ आलं आणि मालकांनी मला केबिनमध्ये बोलावून घेतलं. ते काय म्हणाले हे सांगण्यासारखं नाही.

गुरुजींना ही भाषा मिळाली भूकंपात. ते तेव्हा किल्लारीकडच्या एका गावात शाळामास्तर होते. प्रशिक्षणासाठी शिरूर अनंतपाळला गेले होते म्हणून वाचले. घर गेलं, घरातली मंडळी गेली. मंडळी म्हणजे बायको; मूलबाळ नव्हतं. मदतीला परदेशातून जी पथकं आली, त्यातल्या एकात जनरेटर दुरुस्त करणारा एक मानुश होता. तो त्याच्या भाषेत नटबोल्ट मोजत होता, ढिगाऱ्यापाशी बसलेल्या मास्तरांनी ते मोजणं ऐकलं आणि चार दिवसांत पहिल्यांदा मान वर केली. पुढं दोघांची गट्टी जमली. गुरुजी त्याला ‘दोस्त’च म्हणायचे.

दोस्त परत गेला, पण फोन येत राहिला. गुरुजींकडे मोबाईल नव्हता, त्यामुळे मी आल्यापासून तो यायचा माझ्या मोबाईलवर. दर रविवारी सकाळी गुरुजी टोपी सारखी करून स्क्रीनसमोर बसत. अख्ख्या मराठवाड्यात त्यांच्या भाषेला उत्तर देणारी तेवढी एकच जागा होती. तो फोन तुटला असता तर गुरुजींना फळ्याशी बोलावं लागलं असतं. माझं रोमानी फळ्याहून फार पुढं नव्हतं.

एका शनिवारी दोस्ताच्या नातीचा इंग्रजीत निरोप आला : ‘आमचे म्हातारे गेले. गुरुजींना सांगा.’ मी सांगितलं. गुरुजी “हाव” म्हणाले आणि भिंतीकडे तोंड करून आडवे झाले.

आता मी गप्प बसायला हवं होतं. पण मी लातूरचा माणूस. आमच्याकडे कुणी गेलं की आधी फ्लेक्स लागतो. मी तडक दुकानात गेलो. ‘भावपूर्ण श्रद्धांजली’, त्याखाली दोस्ताचं नाव, हातहात उंचीच्या अक्षरात. फोटो माझ्याकडे नव्हता. दुकानदार म्हणाला, “शोकाकुलांमध्ये तुमचा टाकू की! मधली चौकट रिकामी बरी दिसत न्हाई.” मी गॉगलमधला दिला. सकाळी फ्लेक्स चौकात चढला, आणि मी त्याचा फोटो काढून दोस्ताच्या घरी पाठवून दिला. अभिमानानं.

गुरुजींना हाताला धरून चौकात नेलं. त्यांनी वर बघितलं. “उतरव,” म्हणाले. “आधी उतरव!”

“गुरुजी, दोस्ताच्या घरी पण पाठवला...”

ते तिथंच दुकानाच्या पायरीवर बसले. तेवढ्यात खिशातला फोन वाजला. मी स्पीकर लावला. नात रडत होती. “कधी गेला? आजीनं सकाळची कॉफीही घेतली नाही!”

“कोण गेलं?” मी विचारलं.

“तो! काळ्या चष्म्याचा! फोन धरून बसणारा!”

त्यांना देवनागरी वाचता येत नव्हती. दिवे, फुलं आणि मध्ये मी. माझाच शोक चालू होता तिकडे. मी जिवंत असल्याचं सांगितलं, तर मागून आजी काहीतरी जोरात बोलली. ते मला समजलं, पण इथं लिहिण्यासारखं नाही.

“मग वर काय लिहिलंय?” नातीनं विचारलं. गुरुजींनी फोन ओढून घेतला आणि शांतपणे रोमानीत म्हणाले, “काही न्हाई. पोरगा येडा आहे. स्वतःची जाहिरात करायलाय.”

फोन ठेवला. गुरुजींना खोटं बोलताना मी पहिल्यांदा ऐकलं. फ्लेक्स गुंडाळून खोलीवर नेला, तेव्हा त्यांनी सांगितलं : दोस्ताच्या माणसांत, माणूस गेला की त्याचं नाव घेत नाहीत. सामान जाळून टाकतात आणि नाव तोंडातच ठेवतात. तो त्यांचा मान असतो.

“मग हे मला का नाही शिकवलं?”

“तो धडा मी शिकवत न्हाई. वापरतो.”

मला कळेना. ते बोलत राहिले. “ढिगाऱ्यापाशी जो तो वही घेऊन यायचा. मयताचं नाव सांगा, नाव सांगा. माझ्या तोंडून निघंना. तवा दोस्त म्हणाला, आमच्यात घेतच न्हाईत. मला लई बरं वाटलं बघ. ती चाल मी उचलली.”

तीन वर्षांत मी गुरुजींच्या बायकोचं नाव एकदाही ऐकलं नव्हतं. जुन्या वळणाचे नवरे बायकोचं नाव घेत नाहीत, म्हणून मला त्यात कधी काही वावगं वाटलं नव्हतं.

“पर एक चुकलं,” गुरुजी म्हणाले. “त्यांच्यात गाडी हेच घर, एका गाडीत दहाजण मिळून गप्प असतात. तेच नाव दहाजणांच्या मनात असतं. मी एकटाच गप्प. उद्या मी गेलो, की ते नाव ठाऊक असणारं कुणीच न्हाई. मग गप्प तरी कोण राहणार?”

खाली दुपारची बॅच सुटली होती. पोरं जिन्याखाली एकमेकांना उत्तरं विचारत होती. गुरुजींनी टोपी काढून मांडीवर ठेवली, मला खुर्ची जवळ ओढायला सांगितली आणि बायकोचं नाव एकदाच, अगदी हळू सांगितलं.

ते मी इथं लिहीत नाही.