नोरीनबाईंचा धुळ्यातला प्रवेश

नाटकाला अर्धा तास उरला असताना उखर्डू धापा टाकत रंगपटात शिरला. "मास्तर, तानुबाईना पाय मुरगळना! खाटवर पडेल शे."

अभिमन मास्तरांनी कपाळाला हात लावला. धुळ्याच्या शाळेत इंग्रजी शिकवणाऱ्या या माणसानं फार वर्षांनी स्पर्धेसाठी नाटक बसवलं होतं. तानुबाईंना एकही वाक्य नव्हतं. त्यांनी नुसतं आईचं प्रेत व्हायचं होतं. पण ते प्रेत मध्ये ठेवूनच दोघे भाऊ घरावरून भांडणार होते.

"तूच नीज," मास्तर उखर्डूला म्हणाले. उखर्डू आडवा झाला. पोटावरची चादर तंबूसारखी उभी राहिली.

मास्तर हताश होऊन बाहेर आले. समोरच्या टपरीवर पन्नाशीच्या एक गोऱ्या बाई चहा पीत होत्या. आग्र्याला निघालेली त्यांची टॅक्सी दुपारपासून गॅरेजात उघडी पडली होती. मास्तरांनी इंग्रजीत विचारपूस केली. बाई ऑस्ट्रेलियाच्या, नाव नोरीन, पेशा नटीचा. तरुणपणी दोन-तीन सिनेमे, मग टीव्हीच्या मालिकेत अकरा वर्षं नर्स.

"आता म्हणतात, नर्स व्हायला म्हातारी, आजी व्हायला तरुण. दोन वर्षं झाली, फोन वाजलेला नाही."

मास्तर चाचरले. "आमच्याकडे एक भूमिका आहे. जरा... पडून राहण्याची."

बाईंनी कप खाली ठेवला. "पडदा कधी वर जातो?"

नाटकात थोरली सून झालेल्या सुनंदाबाईंनी त्यांना लुगडं नेसवलं, पावलांना हळद फासली, तोंडावर पदर ओढला. नाटक रंगलं. मोतीलाल आणि वना हे दोघे भाऊ असे भांडले, की पुढच्या रांगेतल्या बायका डोळे पुसू लागल्या. सुनंदाबाईंना तेवढ्यानं चेव आला आणि त्यांनी उशाजवळच्या धुपाटण्यात मूठभर जास्तच ऊद टाकला.

प्रेत शिंकलं.

"म्हातारी जित्ती शे!" मागून कुणीतरी ओरडलं. मोतीलाल संवाद विसरला. वनानं खरोखरच घाबरून प्रेताचे पाय धरले. नोरीनबाई सावकाश उठून बसल्या. कॅमेऱ्यासमोर काहीही घडलं तरी थांबायचं नसतं, हे त्यांच्या हाडात मुरलेलं होतं. त्यांनी तोंडावरचा पदर मागे सारला, दोघांवर डोळे रोखले आणि इंग्रजीत तोफ डागली, "दोन वर्षं मी त्या फोनजवळ बसून होते! एकानं तरी विचारलं?"

मास्तर विंगेतून ओरडले, "दोन वर्षं मी ओट्यावर वाट पाहत होते! एकानं तरी विचारलं?"

"म्हातारीना आंगमा साहेब उना!" पुन्हा मागून आवाज आला. म्हातारीच्या अंगात साहेब आला म्हणून सभागृह हसलं, मग पुढे सरसावून ऐकू लागलं. बाई बोलत राहिल्या, मास्तर मराठी करत राहिले. शेवटी वना खरंच रडला आणि पडदा टाळ्यांत पडला.

बक्षीस मिळालं नाही. परीक्षकांच्या मते शोकांतिकेत प्रेतानं उठणं नियमात बसत नव्हतं. मास्तर खट्टू होऊन रंग पुसत होते, तेवढ्यात एरंडोलचे देवचंदनाना आत आले.

"मास्तर, ती मरेल माय आमले पाहिजे. गावमा नाटक शे. सासूनं काम शे."

मेलेल्या आईला आता नानांच्या गावच्या नाटकात सासू व्हायचं आहे, असं मास्तरांनी बाईंना सांगितलं. बाईंनी एकच विचारलं, "बोलायला मिळेल?"

"बठ्ठं नाटक तीच बोलस," मास्तरांकडून प्रश्न कळताच नाना म्हणाले. सगळं नाटक सासूच बोलते, हे मास्तरांनी बाईंना इंग्रजीत सांगितलं.

तेवढ्यात ड्रायव्हर दारात आला. "मॅडम, गाडी तयार आहे. आग्र्याला निघायचं?"

"ताजमहाल थांबेल," बाई म्हणाल्या आणि सुनंदाबाईंकडे वळल्या. "सासू सुनेला काय-काय बोलते? मला शिकवा. आधी शिव्या."

मास्तरांनी लाजत मराठी केलं. सुनंदाबाईंनी पदर खोचला आणि सुरुवात केली.