बेटावरच्या आजोबांचा खोकला

कपड्यांच्या कपाटात शिरून दार आतून ओढून घेताना आवाजवाल्यांच्या मनात एकच विचार होता. हे काम हातचं गेलं, तर पुन्हा जन्मभर मरत राहायचं.

मरणं हाच त्यांचा धंदा होता. परदेशी मालिकांना आपल्या भाषेत आवाज देण्याच्या स्टुडिओत ते काम करत, म्हणून इमारतीत सगळे त्यांना आवाजवाले म्हणत. पण आवाज म्हणावा तर तो पातळ, चिरका, जेमतेम दोन हात जाणारा. त्यामुळे शेवटच्या घटका मोजणारे सगळे त्यांच्या वाट्याला यायचे. पलंगावरचे आजारी मामा, बर्फात गारठलेला टपालवाला, खुन्याचं नाव सांगता सांगता मान टाकणारा साक्षीदार. इतक्या वर्षांत ह्या माणसाला एक वाक्य पुरं करायला मिळालेलं नाही, असं स्टुडिओत म्हटलं जायचं, आणि त्यात फारशी अतिशयोक्ती नव्हती.

अशात त्यांना बेटावरची मालिका मिळाली. बोट बुडते, वाचलेली मंडळी निर्जन बेटावर लागतात, खायला काही नाही, एकुलता एक झरा अचानक आटतो आणि रोज रात्री नऊ वाजता कोणीतरी एक कमी होतो. त्यात एक आजोबा. गुडघे गेलेले, कंबर वाकलेली, खोकून खोकून जीव नकोसा झालेला. बाकीचे त्यांना पाठीवर घेऊन हिंडायचे, आपल्या घोटातला घोट त्यांना पाजायचे. इमारतीतली निम्मी माणसं नऊ वाजता त्या आजोबांसाठी डोळे पुसत बसायची, पण तो आवाज कोणाचा हे घराबाहेर कोणाला ठाऊक नव्हतं.

त्या खोकल्याचं सगळ्यांना फार कौतुक होतं. तो आवाजवाल्यांनी आपल्या आईकडून उचलला होता. आई काठीशिवाय बाल्कनीपर्यंतसुद्धा जात नसे, आणि ती खोकायला लागली की ऐकवत नसे. आईच्या दुखण्यावर आपण पोट भरतो, ही टोचणी आवाजवाल्यांना कायम होती. स्टुडिओतून घरी येताना जिन्यातच ते कान टवकारायचे. खोकला ऐकू आला की आई आहे म्हणून बरं वाटायचं आणि आईला बरं नाही म्हणून वाईट.

त्या दिवशी सकाळी स्टुडिओतल्या दिग्दर्शिकाबाईंचा फोन आला.

"आवाजवाले, रविवारचा शेवटचा भाग वाचलात ना?"

"वाचला. अजून हातपाय कापतायत."

कापणारच. आदल्याच रात्रीच्या भागात मेलेले आजोबा रविवारी सोंग टाकून ताठ उभे राहणार होते. ते बेट त्यांच्याच मालकीचं. बोट त्यांनीच बुडवली आणि झराही त्यांनीच अडवला, कोण कसा वागतो ते बघायला.

"तर उभं राहिल्यावर आवाज खणखणीत हवाय," बाई म्हणाल्या. "वरचे लोक म्हणतात, तेवढं दुसऱ्या कोणाकडून करून घ्या, ह्यांच्या आवाजात जीव नाही. मी म्हटलं, थांबा, ऐकून तरी बघू. अर्ध्या तासात नमुना पाठवा. आणि हे गुपित रविवारच्या आत बाहेर फुटलं, तर तुम्ही घरी बसाल आणि मीसुद्धा. सही केलीय आपण, लक्षात आहे ना?"

"बाई, मी बायकोलासुद्धा सांगितलं नाहीये."

म्हणून ते कपाटात होते. घरच्या घरी आवाज भरायचा तर टांगलेल्या कपड्यांच्या कपाटासारखी जागा नाही. घुमत नाही, बाहेरचं काही आत येत नाही. बायकोचा कोट एका कानाशी, आईची शाल दुसऱ्या कानाशी, वाफेने धुरकट झालेला चष्मा खिशात. त्यांनी डोळे मिटले, वर्षानुवर्षं अर्धी राहिलेली सगळी वाक्यं आठवली आणि पोटातून आवाज काढला.

"होय! पाणी मीच बंद केलं! तुम्ही घोटभर पाण्यासाठी तडफडत होता आणि मी वरून मजा बघत होतो. माझ्या खोकल्याची कीव करत होता ना? आता बघा, कसा ताठ उभा राहतो!"

हँगरसुद्धा थरथरले. हा आवाज आपल्याच अंगात राहत होता, हे त्यांना पहिल्यांदाच कळत होतं. त्याच आनंदात त्यांनी भरलेला आवाज फोनवर सगळ्यात वर दिसणाऱ्या नावाला पाठवून दिला. कपाटात शिरताना तिथे बाई होत्या. पण कपाटाबाहेर जग थांबलेलं नव्हतं. मधल्या मिनिटांत तिथे इमारतीचा 'पाणी व इतर' हा ग्रुप येऊन बसला होता.

आणि तो वर आला होता तो काही उगाच नाही. आदल्या रात्री नऊला अख्ख्या इमारतीचं पाणी गेलं होतं. गच्चीवरच्या टाकीचं पाणी अडवणारं चाक कोणीतरी मुद्दाम फिरवून ठेवलं होतं. सेक्रेटरींनी नुकतंच तिथे लिहिलं होतं, 'हे कृत्य कोणाचे? हिंमत असेल तर पुढे यावे.' त्याच्या खाली आवाजवाल्यांची हिंमत जाऊन पडली.

बाहेर येऊन चष्मा चढवला तेव्हा त्यांच्या तोंडचं पाणी पळालं. पाठवलेलं त्यांनी घाईघाईने पुसून टाकलं. पण तोवर निम्म्या इमारतीने ते ऐकलं होतं, आणि पुसल्यामुळे उरलेल्यांची खात्री पटली. मग त्यांनी तो आवाज बाईंना पाठवला. दारावरची घंटा वाजली तेव्हा फोनही वाजत होता.

"अहो, काय आवाज लावलात!" बाई ओरडत होत्या. "काम तुमचंच! उद्या या. बाहेरच्या कोणी ऐकलं नाही ना?"

"छे, बाहेरचं कोणी नाही," म्हणत आवाजवाल्यांनी दार उघडलं. दारात सेक्रेटरी, तळमजल्यावरचे दाताचे डॉक्टर आणि त्यांच्यामागे जिनाभर माणसं उभी होती.

"आवाजवाले," सेक्रेटरी म्हणाले, "काल नऊ वाजता माझ्या डोळ्यांत साबण होता. बादली रिकामी. मी भिंती चाचपत बाहेर आलो, तर दारात बायकोच्या मैत्रिणी."

"माझा पेशंट तोंडात दातांच्या साच्याचा लगदा घेऊन पाऊण तास बसला होता," डॉक्टर म्हणाले. "चूळ भरायला थेंब नाही. शेवटी त्याला सोडा पाजला. तुम्ही म्हणे वरून मजा बघत होता?"

खरं एका वाक्यात सांगता आलं असतं. पण त्या वाक्यात आजोबा होते, रविवार होता, बाईंची नोकरी होती आणि आयुष्यात पहिल्यांदा मिळालेला खणखणीत आवाज होता.

"हो," आवाजवाले आपल्या नेहमीच्या पातळ आवाजात म्हणाले. "मीच केलं."

"अहो, पण का?"

"राग आला होता."

"कोणावर?"

आवाजवाल्यांना पटकन कोणी सुचेना. "पाण्यावर," ते म्हणाले.

सेक्रेटरींनी त्यांच्या काडीसारख्या मनगटाकडे निरखून बघितलं.

"ते चाक गंजलंय. उघडायला मी आणि प्लंबर दोघं लागलो. तुम्ही एकट्याने फिरवलंत?"

"रागात बळ येतं."

"ह्यांना डॉक्टर हवाय," मागून कोणीतरी हळूच म्हणालं, "पण दाताचा नव्हे."

शेवटी असं ठरलं की रविवारपर्यंत रोज रात्री आवाजवाल्यांनी गच्चीवर टाकीपाशी बसून चाकावर पहारा करायचा. नंतरचं नंतर बघू. जिना रिकामा झाला. ते दार लावून वळले, तर आई खुर्चीत बसून त्यांच्याकडे एकटक बघत होती. तिचे डोळे भरून आले होते.

"तू कशाला रे अंगावर घेतलंस?" ती म्हणाली.

"जाऊ दे गं आई. आता काही विचारू नकोस."

"नाही विचारत. पण असा मुलगा मिळायला भाग्य लागतं बाळा!"

आवाजवाल्यांना काही कळलं नाही. इमारतीचं पाणी तोडल्याबद्दल कुठलीही आई मुलाला असं म्हणेल असं त्यांना वाटलं नव्हतं. पण तेवढ्यात आई खोकायला लागली आणि ते तिच्यासाठी पाणी आणायला धावले.

पुढचे दिवस मात्र कठीण गेले. जिन्यात लोक त्यांना बघून पाण्याच्या बाटल्या छातीशी धरायला लागले. औषधांच्या दुकानात काम करणारी त्यांची बायको रोज नव्या गोळ्या घेऊन यायची. "अहो, मनात काही असेल तर मला सांगा ना. स्टुडिओत कोणी बोललं का?" ती विचारायची, आणि ते नुसती मान हलवायचे. आपल्या बायकोने आपल्याला वेडं समजावं ह्याचं त्यांना मनापासून वाईट वाटत होतं.

फक्त आई खुशीत होती. ती दुधावरची साय त्यांच्यासाठी काढून ठेवायची. "त्या दिवशी तुझा शब्दन् शब्द ऐकू आला हो," ती एकदा म्हणाली. "ते आजोबा मरताना कुजबुजतात ना, तो भाग. एरवी नऊला सगळे नळ सोडतात आणि टीव्हीमागचा तो पाइप रेड्यासारखा हंबरतो. तुझं बोलणं त्यात बुडून जातं रे. त्या दिवशी कसं शांत होतं!"

"पाणीच नव्हतं ना," आवाजवाले खिन्नपणे म्हणाले आणि सतरंजी घेऊन पहाऱ्याला निघाले.

रविवारी नऊ वाजता ते टाकीला टेकून बसले होते. हळूहळू खालच्या सगळ्या खिडक्यांतून मालिकेचं संगीत वर यायला लागलं. मग समुद्र, मग माणसांचं रडणं. आवाजवाल्यांनी गुडघे पोटाशी घेतले. मालिका कोणाला आवडेल की नाही याची त्यांना पर्वा नव्हती. त्यांना फक्त आपल्या घरात शहाणा माणूस म्हणून परत जायचं होतं.

आणि मग तो आवाज आला. एका खिडकीतून नव्हे, सगळ्यांतून एकदमच.

"होय! पाणी मीच बंद केलं!"

मग एकदम गिल्ला झाला, दारं उघडली आणि जिन्यात पावलं धडधडायला लागली. गच्चीच्या दारातून सगळ्यात आधी सेक्रेटरी आले. त्यांना धाप लागली होती.

"आजोबा!" ते म्हणाले. "म्हणजे, आवाजवाले! आजोबा तुम्ही?"

"सही केली होती हो. सांगता येत नव्हतं," आवाजवाले म्हणाले आणि त्यांना एकदम रडूच फुटलं. त्यांचा जीव भांड्यात पडला होता.

मिरवणूक काढल्यासारखं सगळ्यांनी त्यांना खाली घरात आणलं. नुकतीच दुकानातून परतलेली बायको सगळ्यांदेखत त्यांचा हात धरून उभी राहिली. सेक्रेटरींनी माफी मागितली. डॉक्टरांनी एक दात फुकट काढून द्यायचं कबूल केलं. "तो आवाज एकदा काढून दाखवा ना," असा सगळ्यांचा आग्रह चालला होता. अशा गोंधळात आईचा चेहरा मात्र उतरत चालला होता.

"म्हणजे," ती हळूच म्हणाली, "तू ते मालिकेतलं म्हणत होतास?"

"हो गं. मग तुला काय वाटलं?"

आईने पदर सारखा केला.

"पण मग एक सांगा," सेक्रेटरी मध्येच थबकून म्हणाले, "आवाजवाल्यांनी नाही, तर त्या दिवशी पाणी बंद केलं कोणी?"

आईला खोकला आला.

सगळे हळहळले. कोणी पाठीवरून हात फिरवला, कोणी काठी हातात दिली. आवाजवाले मात्र जागच्या जागी उभे राहिले. आज पहिल्यांदाच तो खोकला त्यांनी मुलाच्या कानांनी नव्हे, धंद्याच्या कानांनी ऐकला होता. खरा खोकला माणसाला विचारून येत नाही. खोट्या खोकल्याआधी माणूस एक छोटासा श्वास घेतो, तयारीचा. स्टुडिओत ते स्वतः तसाच घेत. तोही आईकडूनच उचलला होता, आणि इतक्या वर्षांत कधी विचार केला नव्हता, की मुळात तिथे तो श्वास कशाला?

त्यांना टीव्हीमागचा पाइप आठवला. साय आठवली. दोन पुरुषांना जेमतेम हललेलं चाक आठवलं.

"मीच केलं," ते घाईने म्हणाले. "मी कबूल केलंय ना एकदा!"

सगळे पोट धरून हसले. "ह्यांना आता तेवढंच वाक्य येतं," डॉक्टर म्हणाले आणि हसत हसत मंडळी पांगली. बायको त्यांना जिन्यापर्यंत पोचवायला गेली.

दार लोटलं गेलं. आईने काठी खुर्चीला टेकवली, उठली, ताठ चालत जाऊन टीव्ही बंद केला आणि परत येऊन बसली.

"आई!"

"ओरडू नकोस. मरतानाचं शेवटचं बोलणं होतं तुझं. तेवढं तरी नीट ऐकायचं होतं मला."

"अगं, पण गच्ची? ती शिडी? ते चाक?"

"घट्ट होतं जरा," आई म्हणाली.

"आणि गुडघे? हा खोकला?"

"म्हातारं माणूस धडधाकट दिसलं ना, की लोक कामं सांगतात," आई म्हणाली. "तुझ्या मावशीचं बघितलंस ना? चार घरांची नातवंडं सांभाळते."

आवाजवाले आईसमोर खाली बसले. रागवावं असं त्यांनी ठरवलं, पण राग येईना. रोज जिन्यात थांबून ऐकलेला तो खोकला, ती काळजी, ती टोचणी, सगळं एका क्षणात उतरलं होतं. आई ठणठणीत होती. त्यांच्यापेक्षा ठणठणीत होती. इतकं हलकं त्यांना कित्येक वर्षांत वाटलं नव्हतं.

जिन्यात बायकोची पावलं वाजली. आईने झटकन काठी उचलली, पाठीला बाक आणला आणि छोटासा श्वास घेतला.

"आई," आवाजवाले पुढे झुकून कुजबुजले, "तो श्वास आधी घेऊ नकोस. कळतं."

आईने मान डोलावली. दार उघडलं आणि ती अशी काही खोकली, की पाणी आणायला आवाजवाले पुन्हा धावले.