ढोमणे आणि राजपुत्राची तलवार

पिपलानीच्या कारखाना-वसाहतीत माझ्या शेजारच्या क्वार्टरमध्ये राहणारा ढोमणे टीव्हीतल्या राजपुत्राला ‘हेल्पर’, म्हणजे हाताखालचा कच्चा गडी, म्हणतो. त्या राजपुत्राची जादूची तलवार दर दहा-बारा भागांनी तुटते, मग एक साधूबाबा मंत्र म्हणून ती जोडून देतो. ढोमणे खुर्चीतून ओरडतो, "अबे हेल्पर, आधी गरम तर करायला सांग त्याले! थंड्यात जोड लावला तं तडकंल ना!"

आम्ही दोघं एकाच कारखान्यातले. मी फिटर, तो वेल्डर. जादूबद्दल त्याची काही तक्रार नाही, जोडाबद्दल आहे.

मालिका आमची पोरं शाळेत होती तेव्हाची. तेव्हा रविवारी ढोमण्याच्या पुढच्या खोलीत तीस माणसं दाटीनं बसायची. आता त्याच्या मुलानं सगळे भाग पेन ड्राइव्हवर भरून दिलेत. दर रविवारी नऊ वाजता ढोमणे ते लावतो. बघायला मी एकटा.

मी चौथी शिकलेला, पण मेलेला माणूस परत येत नाही एवढं मला कळतं. या मालिकेत सगळेच येतात. राज्य जातं, परत मिळतं. राणीचा दगड होतो, दगडाची पुन्हा राणी.

"तेच तेच काय बघायचं?" मी म्हणतो.

"तेच नाही नाना. तलवार दर बारीला नव्या जागी तुटते. जुना जोड एकदाही उकलला नाही, पाह्यलं का तू?"

मी पाहिलं नव्हतं. पण ते त्याला कशाला कबूल करू?

बायको गेल्यापासून ढोमणे एकटाच आहे. मुलगा मंडीदीपला, नोकरीच्या गावी. त्यानं बजावून ठेवलंय, "बाबा, डोळ्यांनी दगा दिला की त्याच दिवशी इथं कुलूप, आणि तुम्ही माझ्याकडे."

मागच्या रविवारी मालिका चालू असताना टीव्हीचा पडदा काळा झाला. आवाज येत होता. वायर बघायला मी उठणार, तेवढ्यात ढोमणे म्हणाला, "पाह्य पाह्य, कसं चमकून राह्यलं पातं!"

मी हसलो. वाटलं, मस्करी करतोय. वळून पाहिलं तर तो पुढे वाकून त्या काळ्या पडद्याकडे कौतुकानं बघत होता.

"ढोमणे, चित्र गेलंय."

तो खुर्चीत मागे टेकला. मग म्हणाला, "उजवा दिवाळीतच गेला. डाव्यानं आताशा उजेड तेवढा समजते. मंडीदीपला सांगू नको."

"नाही सांगणार. पण उद्या डोळ्यांच्या डॉक्टरकडे यायचं. नाही आलास तर मीच फोन लावीन."

"तू मोठा हट्टी आहेस बे."

"आहेच."

वायर दाबली, चित्र आलं. ढोमण्याकडून मात्र राजपुत्राला एक शिवी नाही. मला ते सहन होईना.

"या राणीला अक्कल आहे का?" मी म्हणालो. "लढाईत हिरवी पैठणी नेसून आली. हातात पंखा!"

"पंखा?"

"मोरपिसांचा. दोन पिसं तुटलीत."

"अन् घोडा?"

"काळा. राजपुत्रापेक्षा तोच हुशार दिसतो."

ढोमण्यानं हातानं चाचपत खुर्ची माझ्या खुर्चीला लावली.

"सांगत जाय," तो म्हणाला. "पण ते लोक बोलतात तवा तू नको बोलू. आयकू येत नाही ना मले."