सात पत्रं आणि एक कुलूप

"सोनम, लिहून घे. डिटेक्टिव्ह शिवयोगी म्हणजे सोलापूरच्या गुन्हेगारीला लागलेलं ऊन! सावलीत लपलेला चोरसुद्धा मला बघून वितळतो."

मी लिहून घेतलं. आजवर सरांनी दोन चपला आणि एक हेल्मेट शोधलंय. हेल्मेट त्यांच्याच डोक्यावर होतं.

मग महिपतीसाहेबांची केस आली. साहेब म्हणजे हौद संरक्षण कार्यालयाचे प्रमुख. जनावरांच्या हौदाचं संरक्षण त्यांनी कसं केलं, तर फाटकाला कुलूप घालून. तानाबाईच्या चाळीस शेळ्या तहानेनं वाळायला लागल्या, तशी ती कोर्टात गेली. कोर्टानं फाटक उघडायचा हुकूम दिला. त्याला चार महिने झाले. आता अवमानाची नोटीस आली होती. उद्या सुनावणी, आणि उत्तर पटलं नाही तर साहेब आत.

"आम्ही आदेशाचं तंतोतंत पालन केलंय," गाडीच्या चाव्यांचा जुडगा बोटावर गरगर फिरवत साहेब म्हणाले. "ही सात पत्रं बघा. मी उपअधिकाऱ्याला लिहिलं, त्यानं हेडक्लार्कला, हेडक्लार्कनं..."

"तरी फाटक बंद?" मी विचारलं.

"तेच तर रहस्य आहे!"

आम्ही सगळे फाटकावर गेलो. तानाबाई शेळ्या घेऊन तिथंच बसली होती. सरांनी भिंग काढलं. "उघड आहे. तुम्ही कुलूप काढता, कुणीतरी पुन्हा लावतं. टोळी आहे!" पुरावा म्हणून त्यांनी तिथलं एक लिंबू जप्त केलं. सरबताचा गाडेवाला ते मागायला आला, तर त्याच्याच बोटांचे ठसे घेतले.

मग संशय वॉचमन धुळाप्पावर. पण चार महिन्यांत तो खुर्चीतून उठल्याचा एकही साक्षीदार मिळेना.

शेवटी सर शेळ्यांकडं वळले. एक लेंडी भिंगाखाली धरली. "कागदाचा अंश! कोर्टाचा आदेश यांनीच खाल्ला!"

तानाबाई उठून पुढं आली. "आरं बाबा, त्या कुलपावर कोळ्यानं जाळं विणलंय. पोरंबाळं झाली त्याला तितं. कुणी उघडलंय कवा?"

"पण पत्र गेलंय की!" साहेब म्हणाले.

"पत्रानं कुलूप उघडतंय व्हय?"

मी सातवं पत्र काढून वाचलं. धुळाप्पाचं होतं. 'चावी साहेबांकडं हाय.' खाली साहेबांची झोकदार सही : 'पाहिले. योग्य त्या कार्यवाहीस्तव.'

"हीच की ती पितळी चावी," तानाबाईनं साहेबांच्या बोटाकडं हात केला. "चार महिनं 'उद्या या मावशी' म्हणत माझ्याम्होरं गरगरा फिरवतोय ह्यो."

कुलूप दहा सेकंदांत उघडलं. शेळ्या हौदावर तुटून पडल्या. साहेबांनी एका करडाला मिठी मारून कोर्टासाठी फोटो काढून घेतला आणि पुन्हा कुलूप उचललं. "चला, पालन झालं. आता संरक्षण."

तानाबाईनं ते त्यांच्या हातातून हिसकलं आणि हौदात फेकलं. डुबुक!

"आता हे हुडकायला लाव तुझ्या डिटेक्टिव्हला. चार महिनं लागू दे. घाई न्हाय."

"सोनम, लिहून घे. घातपात!" म्हणत सर भिंगासकट हौदात उतरले. शेळ्यांनी त्यांना जागासुद्धा दिली नाही.

आणि साहेबांनी काठावर बसून आठवं पत्र लिहायला घेतलं.